उगाच बसलेल्या माणसाला कारण विचारू नये

सार्वजनिक फलकांवरच्या मराठीत ‘विनाकारण’ या शब्दाचा वावर फार वाढला आहे. ‘येथे विनाकारण थांबू नये’, ‘विनाकारण गर्दी करू नये’, ‘रात्री विनाकारण फिरताना आढळल्यास कारवाई करण्यात येईल’ अशी वाक्ये आपण इतक्या वेळा वाचतो की त्यांत काही वावगे आहे असे वाटतही नाही. वास्तविक या वाक्यांनी एक मोठी गोष्ट गृहीत धरलेली असते. नागरिक घराबाहेर पडला तर त्याच्याजवळ कारण असले पाहिजे, मागितल्यावर ते दाखवता आले पाहिजे, आणि दाखवता आले नाही तर दोष त्याचा. माझे म्हणणे याच्या उलट आहे. रस्त्यावर, बागेत, तलावाच्या काठावर, चौकातल्या पारावर काहीही हेतू नसताना असणे हा शहरात राहणाऱ्याचा साधा अधिकार आहे, आणि कारण कोणी द्यायचेच असेल तर ते त्याला उठवणाऱ्याने द्यावे. हे मांडण्यासाठी आधी एका छोट्या क्रियाविशेषणाची फोड करावी लागते, कारण या प्रश्नातला बराचसा गोंधळ त्याच्या पोटात आहे. ते क्रियाविशेषण म्हणजे ‘उगाच’.

‘उगाच’ म्हणजे कारणाशिवाय, हा नेहमीचा अर्थ चुकीचा नसला तरी अपुरा आहे. हेतूवाचून घडणाऱ्या कृतीसाठी मराठीत शब्दांची मोठी रांग आहे आणि प्रत्येकाचा रोख वेगळा आहे. ‘व्यर्थ’ची नजर फळावर असते, कष्ट झाले, निष्पन्न काही झाले नाही. ‘फुकट’ची नजर मोलावर असते. ‘नाहक’ आणि ‘हकनाक’ यांच्यात मूळचा अरबी ‘हक’ बसलेला असल्यामुळे त्यांना न्यायाची चाड आहे; माणूस नाहक मार खातो, हकनाक बळी जातो, पण कोणी नाहक लाडू खाल्ला असे आपण म्हणत नाही. ‘निष्कारण’ आणि ‘विनाकारण’ कार्यकारणाचा हिशेब मागतात, आणि त्यांचा सूर मुळातच चौकशी करणाऱ्याचा आहे. ‘उगाच’चे मात्र तसे नाही. त्याचा अर्थ कोण बोलतो आहे यावर बदलतो.

‘सहज’शी ताडून पाहिले म्हणजे हे नीट कळते. दारात उभा राहिलेला पाहुणा ‘सहज आलो’ म्हणतो तेव्हा तो यजमानाच्या डोक्यावरचे ओझे उतरवतो. मला काही नको आहे, तुम्ही धावपळ करू नका, एवढे त्या दोन शब्दांत येते. तोच पाहुणा घरी परतल्यावर ‘उगाच गेलो’ म्हणाला तर भेट बिघडली असे समजावे. दोन्ही वेळा जाण्यामागे काम नव्हते. एकदा त्या काम नसण्यातच आपुलकी होती, दुसऱ्यांदा त्याचाच पश्चात्ताप झाला. यजमानीण ‘उगाच कशाला आणलंत’ म्हणत खाऊचा पुडा घेते, तेव्हा तो शब्द नकारही नसतो आणि तक्रारही नसते, केवळ रीत असते. ‘उगाच नाही लोक त्याला मानत’ या वाक्यात तर नकार जोडताच तो शब्द उलटतो आणि भक्कम कारणाची ग्वाही देऊ लागतो. आणि ‘का रे हसतोस?’ या प्रश्नाला मूल नुसते ‘उगाच’ असे उत्तर देते, तेव्हा तो प्रश्न तिथेच मिटतो. त्या उत्तरात उद्धटपणा नाही. कारण सांगण्याची गरज मला वाटत नाही आणि तुलाही वाटू नये, असा तो गोड नकार आहे.

माझ्या युक्तिवादाचा पाया इथे आहे. ‘मी उगाच बसलोय’ हे वाक्य मोकळे आहे. ‘तो उगाच बसलाय’ यात ठपका आहे. कृती तीच, शब्द तोच, फक्त पुरुष बदलला. प्रथमपुरुषी ‘उगाच’ म्हणजे स्वातंत्र्य आणि तृतीयपुरुषी ‘उगाच’ म्हणजे आरोप असे समीकरण मी मांडले तर व्याकरणाचे जाणकार अपवाद दाखवतील (‘उगाच बोललो’ हा एक मी आधीच देऊन टाकतो), पण बसणे, उभे राहणे, फिरणे, पाहत राहणे या निरुपद्रवी क्रियापदांपुरते ते सहसा खरे ठरते. शासनाची भाषा नेहमीच तृतीयपुरुषी असते. ‘फिरताना आढळल्यास’ या रचनेत फिरणाऱ्याला तोंडच नाही. तो फक्त आढळतो.

या शब्दाचा जुना अर्थ तर आणखी बोलका आहे. ‘उगा’ हे मुळात विशेषण. उगा, उगी, उगे असे ते लिंगवचनाप्रमाणे चालत असे आणि त्याचा अर्थ होता शांत, स्तब्ध, गप्प. रडणाऱ्या बाळाला आजही ‘उगी उगी’ म्हणूनच थोपटतात. पुढे ‘च’ लागून ‘उगाच’ आणि ‘उगीच’ ही रूपे अव्यय म्हणून गोठली, आणि आता बाई ‘उगाच’ बसते किंवा पुरुष ‘उगीच’ बसतो यात कोणाला खटकत नाही. शांत असणे आणि हेतूवाचून असणे हे दोन अर्थ एकाच शब्दात नांदत होते, म्हणजे काही न करणारा माणूस हा आधी शांत माणूस होता. तो संशयित फार नंतर झाला.

सोलापूरच्या वाचकाला हे पटवून देण्यासाठी कोश उघडायची गरज नाही. इथे नवी पेठ ते कन्ना चौक एवढे चालले तरी कानावर मराठी, कन्नड, तेलुगू आणि दखनी पडते. आपल्या बोलीत ‘उगं बस की’ म्हणजे गप्प बस, आणि ‘हितं काय करायलास बे?’ या प्रश्नावर ‘उगंच बसलोय’ हे नेहमीचे उत्तर. कन्नड घरात ‘सुम्ने’ म्हटले की सहज, काही कारण नसताना. आणि ‘सुम्निरु’ म्हणजे गप्प राहा. पूर्व भागातल्या पद्मशाली कुटुंबांच्या तेलुगूत ‘ऊरके’ याच दोन्ही अंगांनी वापरतात, रिकामे, विनाहेतू आणि निमूट. मराठीचे घराणे वेगळे, कन्नड-तेलुगूचे वेगळे, तरी तिन्ही भाषांनी शांतता आणि निर्हेतुकता एकाच शब्दात बांधली. हे कसे घडले ते भाषाशास्त्रज्ञांनी सांगावे. मला एवढेच दिसते की या शहरातल्या माणसाला नुसते बसण्यासाठी तीन मातृभाषांतून परवानगी मिळालेली आहे. ‘विनाकारण’ हा शब्द त्यांपैकी एकाही घरात बसायच्या संदर्भात बोलला जात नाही. तो कागदावरून आला.

हे कागद नेमके कोणते, हे पाहण्यासारखे आहे. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागली तेव्हा ‘विनाकारण फिरणारे’ हा शब्दप्रयोग घराघरांत पोहोचला. त्या वेळच्या बंधनांबद्दल माझी तक्रार नाही. साथ पसरत होती, माणूस माणसाजवळ येणे हेच धोक्याचे होते, आणि बाहेर पडण्याचे कारण विचारण्यामागे विचारणाऱ्याजवळही सांगण्यासारखे कारण होते. पण साथ ओसरली, आदेश मागे घेतले गेले, आणि शब्दप्रयोग मात्र राहिला. आपत्तीच्या काळातला अपवाद नेहमीच्या फलकावर जाऊन बसला, आणि नागरिकांनीही तो अंगवळणी पाडून घेतला. आता निवासी सोसायट्यांच्या फाटकांवर, मंदिरांच्या आवारात, दुकानांच्या पायऱ्यांवर खाजगी माणसेही तीच भाषा वापरतात.

मात्र संशयाची ही रीत २०२० मध्ये जन्मलेली नाही, आणि सोलापूरने तर ती फार जवळून पाहिली आहे. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने काही समाजांना जन्मानेच गुन्हेगार ठरवले. त्यांच्यासाठी ज्या वसाहती उभारल्या गेल्या त्यांतली एक सोलापुरात होती. तारेच्या कुंपणामागची, हजेरी देण्याची, परवान्याशिवाय बाहेर न जाण्याची. शहरातला तो भाग अजूनही ‘सेटलमेंट’ याच नावाने ओळखला जातो. तिथल्या माणसाला आपल्या प्रत्येक पावलाचे कारण सांगावे लागे, आणि कारण खरे की खोटे हे ठरवणारा दुसराच असे. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी तो कायदा रद्द झाला, म्हणून विमुक्त समाज हा दिवस आजही पाळतो. पण नाव पुसले म्हणून नजर पुसली जात नाही. रात्री रस्त्यात थांबवले जाणाऱ्यांत कोण असतो आणि कोण नसतो, हे सोलापुरात राहणाऱ्याला वेगळे सांगायला नको.

सर्वसाधारण कायद्यातही ही कल्पना होती. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १०९ असे होते की ज्याला उपजीविकेचे उघड साधन नाही किंवा जो स्वतःविषयी समाधानकारक खुलासा देऊ शकत नाही, त्याच्याकडून चांगल्या वर्तणुकीचा जामीन मागता येई. १९७३ च्या नव्या संहितेत हा भाग गाळला गेला; राहिले ते एवढेच की दखलपात्र गुन्हा करण्यासाठी कोणी आपले अस्तित्व लपवत असेल तर त्याच्यावर कारवाई करता यावी. आताच्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतल्या कलम १२८ मध्येही तीच चौकट कायम आहे. थोडक्यात, ‘समाधानकारक खुलासा देता येत नाही’ एवढ्यावरून माणसाला धरणे योग्य नाही, हे देशाच्या मुख्य प्रक्रिया कायद्याने पन्नास वर्षांपूर्वीच मान्य केले. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाचे कलम १२२ रात्रीच्या वेळी रेंगाळण्याबद्दल बोलते, पण तेही अशा माणसाबद्दल, जो चोर म्हणून कुप्रसिद्ध आहे आणि खुलासा देऊ शकत नाही. ‘कुप्रसिद्ध’ कोणी ठरवायचे हा प्रश्न उरतोच, आणि सेटलमेंटच्या शहरात तो लहान प्रश्न नाही. तरीही त्या कलमाचा आधार सरसकट प्रत्येक फिरणाऱ्याला लागू होत नाही. भीक मागण्यास प्रतिबंध करणारा तेव्हाच्या मुंबई राज्याचा १९५९ चा कायदा मात्र याहून कठोर आहे. उपजीविकेचे साधन दिसत नाही आणि माणूस सार्वजनिक ठिकाणी अशा अवस्थेत भटकतो आहे की तो भिकेवर जगत असावा असे वाटते, एवढेही त्याच्या व्याख्येत ‘भीक मागणे’ ठरते. त्याने हात पसरला होता का, हे पाहण्याचीही गरज नाही. हाच कायदा दिल्लीलाही लागू होता. तिथल्या उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये भिकेला गुन्हा ठरवणाऱ्या त्याच्या तरतुदी दिल्लीपुरत्या घटनाबाह्य ठरवल्या. आपल्याकडे तो अजून पुस्तकात आहे.

संविधानाच्या १९ व्या अनुच्छेदाने भारतभर मुक्तपणे संचार करण्याचा अधिकार दिला, आणि त्यावर सर्वसाधारण जनतेच्या हितासाठी वाजवी निर्बंध घालण्याची मुभा राज्याला ठेवली. तिथे ‘सकारण संचार’ असे लिहिलेले नाही. निर्बंध वाजवी आहे हे सांगण्याची जबाबदारी निर्बंध घालणाऱ्यावर आहे. ‘विनाकारण फिरू नये’ हे वाक्य हा क्रम उलटा करते. निर्बंध गृहीत धरते आणि संचाराला कारण मागते.

कोणी म्हणेल, एवढे ताणू नका, विचारले तर सांगावे काहीतरी कारण, त्यात काय जाते. अडचण अशी आहे की कारण तोंडाने सांगितले जात असले तरी ते कपड्यांवरून ऐकले जाते. पहाटे बूट घालून सिद्धेश्वर तलावाला फेऱ्या मारणाऱ्याला कोणी हटकत नाही. त्याचे कारण त्याच्या पायांत आहे, त्याला आरोग्य म्हणतात. त्याच काठावर दुपारी चपला उशाला घेऊन आडवा झालेला हमाल मात्र ‘विनाकारण’ ठरतो. खरे पाहता दोघांपैकी विश्रांतीची अधिक निकड कोणाला आहे? एप्रिल-मे मध्ये पत्र्याच्या छपराखाली राहणाऱ्या कुटुंबाने रात्री बाहेर ओट्यावर, मैदानावर येऊन बसणे याला तर कारणही आहे, आणि सोलापूरचा उन्हाळा ज्याने काढला आहे त्याला ते विचारावे लागत नाही. पण मी जाणूनबुजून या वाटेने पुढे जात नाही. प्रत्येक बसण्यामागे आरोग्य, उकाडा, मनःशांती असे एखादे कारण शोधून काढले तर आपण चौकशी करणाऱ्याचाच नियम मान्य करतो. ज्याला असे सुबक कारण जोडता येत नाही, तो पुन्हा उघडा पडतो.

या शहराच्या बाबतीत हे जास्तच टोचते, कारण इथल्या कष्टकऱ्याचा दिवस नगांनी मोजला जातो. विडी वळणारी बाई हजार विड्यांच्या हिशेबाने जगते. पाने कातरायची, तंबाखू भरायची, मांडीवरच्या सुपात विड्या पडत राहतात, आणि कारखान्यात गेल्यावर छाट निघाली, म्हणजे काही विड्या नापास ठरल्या, की तेवढे श्रम नाहक जातात. यंत्रमागावर टॉवेल आणि चादरी अशाच नगावर मोजल्या जातात. ज्याच्या प्रत्येक घटकेला दर लावलेला आहे, त्याच्या आयुष्यात बिनहिशेबी घटका येते ती कामाबाहेर, आणि घर एका खोलीचे असेल तर घराबाहेरच. तिथेही त्याच्याकडे हिशेब मागायचा? बंगल्याच्या गच्चीवर किंवा झोपाळ्यावर तासभर उगाच बसणाऱ्याला कोणी फलक दाखवत नाही. उगाच बसणे हा गुन्हा होतो तो जागा स्वतःच्या मालकीची नसेल तरच.

स्त्रियांचा प्रश्न यापुढचा आहे, कारण त्यांना फलकाचीही गरज पडत नाही. पार्क चौकात संध्याकाळी पुरुष तासन्‌तास उभे असतात आणि कोणाला काही वाटत नाही. बाई एकटी उभी असेल तर ती कोणाची तरी वाट पाहत असली पाहिजे, रिक्षा शोधत असली पाहिजे, किमान भाजीची पिशवी तरी हातात असली पाहिजे. पिशवी हाच तिचा परवाना असतो. घरातही ‘कुठे चाललीस?’ या प्रश्नाला मुलगा ‘उगंच, चौकात’ म्हणून निसटतो; मुलीला क्लास, झेरॉक्स, मैत्रिणीची वही असे काहीतरी सांगावे लागते. गड्ड्याच्या यात्रेत मात्र ही बंधने थोडी सैल होतात. संक्रांतीच्या सुमारास होम मैदानावर जत्रा भरली की बायका, मुली, म्हाताऱ्या, सगळ्या ‘गड्ड्यावर’ जातात, आणि काय घ्यायला गेलात असे कोणी विचारत नाही. देवाचे नाव आणि बाजाराची गर्दी असली की निर्हेतुक फिरणे चालते, एरवी चालत नाही.

यावरचा सर्वांत गंभीर आक्षेप टवाळखोरांचा आहे, आणि तो मी हलका मानत नाही. महाविद्यालयाच्या फाटकाशी टोळके करून बसणारी, येणाऱ्या-जाणाऱ्या मुलींवर शेरे मारणारी पोरे उगाचच बसलेली असतात. मग त्यांनाही मोकळीक द्यायची का? मुळीच नाही. पण त्यांचा गुन्हा बसण्यात नाही, शेरे मारण्यात आहे. छेडछाड, पाठलाग, अश्लील बोलणे यांसाठी कायद्यात स्वतंत्र कलमे आहेत आणि ती पुरेशी कडक आहेत. कृतीऐवजी निर्हेतुकतेला धरले की दोन तोटे होतात. कारण सांगण्यात पटाईत असलेला टवाळ सुटतो आणि बोलता न येणारा साधा माणूस अडकतो. शिवाय रस्ता रिकामा होतो, आणि रिकामा रस्ता मुलींना सुरक्षित वाटतो असा अनुभव निदान माझ्या ओळखीतल्या एकाही बाईचा नाही. पाराजवळ म्हातारे बसलेले असणे, ओट्यावर बायका गप्पा मारत असणे, पानटपरीशी चार माणसे रेंगाळत असणे, या सगळ्या उगाच असलेल्या माणसांमुळेच तिथे टवाळाची अंगावर यायची हिंमत कमी होते.

दुसरा आक्षेप वेळेच्या नासाडीचा आहे. तो नैतिक वाटतो, पण फार विचार करण्यासारखा नाही. स्वतःचा वेळ वाया घालवण्याचा अधिकार नसलेला माणूस स्वतंत्र कसा म्हणायचा, एवढेच विचारून मी पुढे जातो.

कार्यालये, रुग्णालये, शाळा यांच्या दारावर ‘कामाशिवाय प्रवेश नाही’ असे लिहिणे मला रास्त वाटते. त्या जागांचे काम ठरलेले आहे आणि तिथे गेलेल्याने ते काम अडवू नये. पण रस्ता, चौक, बाग, तलाव यांना असे एकच काम नाही. जानेवारी २०१६ मध्ये जाहीर झालेल्या पहिल्या वीस स्मार्ट शहरांत सोलापूरचे नाव आले, आणि तेव्हापासून शहराच्या जमिनीविषयी बोलण्याची एक नवी पद्धत रुळली आहे: इथे चालण्याचा ट्रॅक, इथे व्यायामाची साधने, इथे मुलांसाठी जागा, इथे सेल्फी पॉइंट. यातले काहीही वाईट नाही. मात्र प्रत्येक चौरस फुटाला उपयोग चिकटवला की ज्याला कोणताच उपयोग करायचा नाही तो आपोआप अतिक्रमण ठरतो. बाकाच्या मध्ये लोखंडी दांडा घालून त्यावर आडवे होता येणार नाही अशी सोय करणे, बागेला तिकीट लावणे, कष्टकऱ्याला जी वेळ मोकळी असते नेमक्या त्या भर दुपारी फाटक बंद ठेवणे, हे सगळे ‘विनाकारण बसू नये’ याचेच न लिहिलेले फलक आहेत.

म्हणून मागणी साधी आणि नेमकी असावी. प्रतिबंधात्मक आदेश काढायचे असतील तर त्यांत कोणती कृती, कोणत्या जागी, किती काळ आणि कोणत्या कारणासाठी मना आहे हे लिहावे. ‘विनाकारण’ हा शब्द त्यांतून काढून टाकावा, कारण तो कोणतीच कृती सांगत नाही. रात्री कोणाला थांबवले तर थांबवण्याचे कारण पोलिसाने आधी सांगावे. १९५९ च्या कायद्यातली भटकण्याविषयीची व्याख्या विधिमंडळाने रद्द करावी. त्यासाठी एखाद्या माणसाने न्यायालयापर्यंत जाण्याची वाट पाहू नये. आणि महापालिकेने पूर्व भागात, विडी कामगारांच्या वसाहतींत, यंत्रमागांच्या गल्ल्यांत, जिथे घरे लहान आणि झाडे कमी आहेत तिथे आधी, सावली आणि आडव्या दांड्यावाचूनचे बाक द्यावेत, बिनतिकीट आणि दुपारीही उघडे. बाकांशेजारी फलक लावल्यावाचून राहवतच नसेल, तर कचरा टाकू नये आणि थुंकू नये एवढे लिहावे.